शरीर नसलेला ग्रह

२२ जानेवारी १८९८, शनिवार, पौष अमावास्या. त्या दुपारी चंद्राची सावली विजयदुर्गाजवळ समुद्रावरून किनाऱ्यावर आली, सोलापूर जिल्ह्यातल्या जेऊरवरून वऱ्हाडात शिरली आणि ईशान्येकडे नागपूर, शहडोल, बक्सर करत हिमालयाच्या रोखाने निघून गेली. तो पट्टा शंभर किलोमीटरपेक्षाही अरुंद होता आणि यवतमाळ जिल्ह्यातले नेर त्याच्या जवळजवळ मधोमध होते. सुमारे दोन मिनिटे नेरवर भर दुपारी तारे दिसण्याइतका अंधार पडला. कुठल्याही एका गावाच्या वाट्याला खग्रास सूर्यग्रहण सरासरी पावणेचारशे वर्षांतून एकदा येते. नेर परसोपंतच्या वाट्याला ते असे आले.

आजचा यवतमाळ जिल्हा तेव्हा वणी जिल्हा म्हणून ओळखला जाई आणि नेर दारव्हा तालुक्यात मोडे. या भागात अजून रेल्वे नव्हती. सर्वांत जवळचा लोहमार्ग म्हणजे भुसावळ-नागपूर, आणि शास्त्रज्ञ त्याच मार्गावर उतरले. धामणगाव आणि पुलगाव यांच्यामधल्या तळणी या छोट्या स्टेशनाजवळ ब्रिटिश खगोलप्रेमी मंडळींच्या संस्थेने तळ ठोकला. नेरहून ते ठिकाण चाळीस-पन्नास किलोमीटरवर आहे. वॉल्टर माँडर, त्यांच्या पत्नी ॲनी माँडर आणि जॉन एव्हरशेड तिथे होते. लग्न झाल्यामुळे ॲनीबाईंची ग्रीनिच वेधशाळेतली नोकरी गेली होती. तळणीच्या माळावर एका लहानशा कॅमेऱ्याने त्यांनी सूर्याच्या प्रभामंडलातला इतका लांब किरण टिपला की तोपर्यंत तसा कुणालाच टिपता आला नव्हता. एव्हरशेड यांनी ग्रहणाच्या कडेवर क्षणभर चमकणारा वर्णपट घेतला. पुढे ते कोडाईकनाल वेधशाळेचे संचालक झाले आणि सूर्यडागांतल्या वायूंच्या प्रवाहाला त्यांचे नाव मिळाले. जेऊरला पुण्याच्या महाराजा तख्तसिंगजी वेधशाळेचे कावसजी दादाभाई नायगमवाला होते आणि अमेरिकेच्या लिक वेधशाळेचे कॅम्पबेलही. विजयदुर्गाला युद्धनौकेच्या खलाशांना मदतीला घेऊन नॉर्मन लॉकयर उभे होते. लॉकयर यांनी हेलियमचा शोध १८६८ साली विजयदुर्गावरून लावला, असे आपल्याकडे बरेचदा लिहिले जाते. ते खरे नाही. १८६८ च्या ग्रहणाच्या वेळी ते इंग्लंडमध्ये होते, विजयदुर्गाला ते आले १८९८ साली. त्यांच्या वेधांची आठवण असलेल्या, किल्ल्यावरच्या 'साहेबाच्या ओट्या'चे मोल त्याने कमी होत नाही.

एकाच दुपारी, एकाच सावलीत, दोन प्रकारची माणसे आकाशाकडे पाहत होती. तळणीच्या तंबूत चंद्र किती सेकंदांनी सूर्याला झाकणार याचा हिशेब होता. वऱ्हाडातल्या घराघरांत मात्र त्या काळ्या गोष्टीला नाव होते, राहू. गंमत अशी की पंचांग सांगणाऱ्या जोशीबुवांच्या हिशेबातही राहू होताच. त्याच्याशिवाय ग्रहणाचे गणित सुटतच नव्हते. जो ग्रह नाही, ज्याला वस्तुमान नाही, जो कुठल्याही दुर्बिणीतून दिसणार नाही, तो कथेतही आहे आणि गणितातही आहे. माणसाने कल्पिलेल्या आकाशस्थ वस्तू पुष्कळ आहेत. राहूइतके आयुष्य त्यांतल्या एकीलाही लाभले नाही.

त्याची सगळ्यांत जुनी खूण ऋग्वेदाच्या पाचव्या मंडलात सापडते. तिथे नाव राहू नाही, स्वर्भानू आहे. या असुराने सूर्याला अंधाराने भोसकले, सगळे भुवन गोंधळून गेले आणि अत्री ऋषींनी सूर्याला सोडवले. राहू हे नाव अथर्ववेदात येते. डोके वेगळे, धड वेगळे ही कथा त्यानंतरची, महाभारत-पुराणांतली. समुद्रमंथनातून अमृत निघाले, मोहिनीने ते देवांना वाटायला घेतले, एक असुर देवाचे रूप घेऊन पंगतीत बसला, सूर्य-चंद्रांनी त्याची ओळख पटवली आणि विष्णूच्या चक्राने त्याचे शिर उडाले. पण घोट गळ्यापर्यंत पोचला होता, म्हणून शिर अमर झाले. चहाडी केल्याचा सूड म्हणून ते सूर्य-चंद्रांना गिळते आणि खाली धड नसल्याने गिळलेले गळ्यातून बाहेर पडते. ग्रहण लागते आणि सुटतेही, या दोन्ही गोष्टींचा उलगडा एका प्रतिमेत करणारी ही कथा रचणारा माणूस मोठ्या प्रतिभेचा होता.

महाराष्ट्राने ही कथा आपल्या भूगोलात बसवली. प्रवरेकाठच्या नेवाशाला मोहिनीराजाचे मंदिर आहे. अमृताची ती पंगत इथेच बसली, असे तिथले लोक सांगतात. राहूचे शिर पडले ते राहुरीला आणि काया पडली ती गोदावरीकाठच्या कायगावला. ज्या नेवाशात ज्ञानेश्वरी सांगितली गेली त्याच गावात राहूचा शिरच्छेद झाला, ही जोडणी मला फार विलक्षण वाटते.

विदर्भात आकाशाकडे पाहण्याच्या आणखीही रीती आहेत. यवतमाळ जिल्ह्यात कोलामांचे पोड आहेत, गोंडांची गावे आहेत, दारव्हा-दिग्रस-नेर पट्ट्यात बंजाऱ्यांचे तांडे आहेत. टाटा मूलभूत संशोधन संस्थेतले मयंक वाहिया आणि अमरावतीचे गणेश हलकारे यांनी गोंड, कोलाम, बंजारा आणि कोरकू लोकांच्या नक्षत्रज्ञानाचा गावोगाव जाऊन अभ्यास केला आहे. सप्तर्षींतल्या चार ताऱ्यांची खाट आणि मागच्या तीन ताऱ्यांचे चोर, ही गोंडांची कथा आपल्या गावाकडच्या 'बाजे'च्या गोष्टीशी सहज जुळते. अशा कथांमध्ये तारे खरे असतात, वर डोळ्यांना दिसतात, आणि माणूस त्यांच्यावर गोष्ट चढवतो. राहूच्या बाबतीत चढवायला तिथे तारा नव्हता. आकाशातल्या एका रिकाम्या जागेवर माणसांनी देह उभा केला.

उलटे उदाहरणही विदर्भातच आहे. बुलढाणा जिल्ह्यात लोणारला फार पूर्वी एक खरीखुरी आकाशस्थ वस्तू बसॉल्टच्या खडकावर आदळली आणि जवळजवळ १.८ किलोमीटर व्यासाचे विवर झाले. ती वस्तू पाहिलेला कुणी उरला नाही. लोकांनी तिथे लवणासुर ठेवला आणि त्याला मारणारा दैत्यसूदन विष्णू ठेवला. लोणारला वस्तू खरी आणि असुर कल्पित. नेरच्या दुपारी मात्र वस्तूही कल्पित होती, खरी होती ती फक्त सावली.

आता गणिताकडे येऊ, कारण राहूची खरी कमाई तिथे आहे.

पृथ्वीवरून पाहिले तर सूर्य आकाशात वर्षभरात एक वर्तुळाकार वाट चालतो. चंद्राचीही एक वाट आहे, ती या वाटेशी सुमारे पाच अंशांनी कललेली. दोन बांगड्या एकमेकींत तिरप्या अडकवल्या तर त्या बरोबर दोन ठिकाणी छेदतात, तसेच इथे होते. या दोन छेदनबिंदूंना आपल्या ज्योतिषग्रंथांत 'पात' म्हणतात. चंद्र जिथून उत्तरेकडे चढतो तो पात राहू, त्याच्या समोरचा केतू. वाटा कललेल्या असल्याने दर अमावास्येला चंद्र सूर्याच्या थोडा वरून किंवा खालून निघून जातो आणि ग्रहण होत नाही. सूर्य पाताजवळ असताना अमावास्या आली तर सूर्यग्रहण, पौर्णिमा आली तर चंद्रग्रहण. सूर्य सुमारे १७३ दिवसांनी एका पातावरून दुसऱ्यावर येतो. म्हणून ग्रहणे वर्षभर विखुरलेली नसतात, साधारण सहा महिन्यांच्या अंतराने जोडीजोडीने येतात.

हे पात स्थिर नाहीत. सूर्याच्या ओढीमुळे ते सावकाश मागे सरकतात आणि सुमारे १८.६ वर्षांत एक फेरी पुरी करतात. राहू नेहमी वक्री असतो आणि एका राशीत दीड वर्ष राहतो, असे घरातली जुनी माणसे सांगतात त्याचा उगम हा आहे. १८.६ ला बारांनी भागा, दीड वर्षाहून किंचित जास्त येते. सूर्यसिद्धांतात ४३,२०,००० वर्षांच्या महायुगात राहूच्या २,३२,२३८ फेऱ्या दिल्या आहेत. त्यावरून एक फेरी ६,७९४.४ दिवसांची निघते. ताऱ्यांच्या संदर्भात आजचा आकडा ६,७९३.५ दिवस आहे. अठरा वर्षांहून लांब फेरीत फरक एका दिवसाचा! दुर्बीण नव्हती, हाती होते ते पिढ्यानपिढ्या नोंदलेल्या ग्रहणांचे दिवस. ज्याला कुणी कधी पाहिले नाही त्याची गती एवढ्या बारकाईने मोजणे, हे आपल्या पूर्वजांचे एक अस्सल वैज्ञानिक काम आहे आणि त्याचा अभिमान उघडपणे बाळगावा.

असुराचे काय झाले? त्याला आपल्याच ज्योतिर्विदांनी घरी पाठवले होते, तेही फार पूर्वी. आर्यभटाने ४९९ मध्ये लिहिले की चंद्र सूर्याला झाकतो आणि पृथ्वीची मोठी सावली चंद्राला. वराहमिहिराने बृहत्संहितेत राहूवर सबंध अध्याय लिहून साधे प्रश्न विचारले. चंद्रग्रहण चंद्राच्या पूर्व कडेकडून सुरू होते आणि सूर्यग्रहण सूर्याच्या पश्चिम कडेकडून. गिळणारा एकच असेल तर तो दोन वेळा दोन दिशांनी का येतो? आणि ज्याची गती ठरलेली आहे, जो गणिताने सापडतो, त्याला सूड घ्यायला मोकळीक कुठे उरते?

या परंपरेतला सर्वांत सुंदर युक्तिवाद मला आपल्या भास्कराचार्यांचा वाटतो. १११४ चा जन्म, ११५० चा सिद्धांतशिरोमणी. चाळीसगावजवळ पाटणादेवीच्या परिसरात त्यांचा नातू चांगदेव याने त्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ काढला, त्याचा शिलालेख आहे आणि तो डॉ. भाऊ दाजी लाड यांनी उजेडात आणला. गोलाध्यायात भास्कराचार्य सांगतात ते कुणालाही तपासता येईल असे आहे. अर्ध्या ग्रहणात चंद्राच्या कोरीची टोके बोथट दिसतात आणि ग्रहण बराच वेळ चालते. याचा अर्थ चंद्राला झाकणारी गोष्ट त्याच्याहून पुष्कळ मोठी आहे. अर्ध्या ग्रहणात सूर्याची टोके मात्र अणकुचीदार दिसतात आणि ग्रहण लवकर आटोपते. म्हणजे सूर्याला झाकणारी गोष्ट वेगळी आणि लहान. दोन्ही ग्रहणांत एकच राहू असूच शकत नाही. नुसत्या डोळ्यांनी दिसणाऱ्या कोरीच्या आकारावरून झाकणाऱ्याचे माप काढणे, याला म्हणतात निरीक्षण.

आणि तरीही भास्कराचार्यांनी शेवटी तडजोड केली. ब्रह्मदेवाच्या वराने राहू सावलीत शिरतो आणि चंद्राला झाकतो, तसाच चंद्रात शिरून सूर्याला झाकतो, अशी वाट त्यांनी श्रुतिस्मृतींना मोकळी ठेवली. ब्रह्मगुप्त त्यांच्याही पुढे गेला होता. ६२८ च्या ब्राह्मस्फुटसिद्धांतात त्याने राहू नाकारणाऱ्यांना वेद-स्मृतींचा हवाला देऊन झापले, आणि स्वतः ग्रहणाचे गणित मात्र पृथ्वीच्या सावलीनेच केले. अल्-बिरुनीने अकराव्या शतकात हे वाचले तेव्हा त्याला वाईट वाटले. इतका मोठा गणिती सत्य जाणतो आणि तरी असे लिहितो ते भीतीपोटी असावे, असा तर्क त्याने केला आणि सॉक्रेटिसाची आठवण काढली. मला अल्-बिरुनीचा हा तर्क पटतो. ज्ञान आपल्याकडे होते. ते ठामपणे देवळाबाहेर, ओसरीवर, आजीपर्यंत नेण्याची हिंमत कमी पडली. कोकणातल्या नांदगावच्या गणेश दैवज्ञाने १५२० साली ग्रहलाघव लिहिला आणि पुढची कित्येक शतके महाराष्ट्रातली पंचांगे त्यावर चालली. म्हणजे गावच्या जोशाला ग्रहण सावलीने होते हे गणित करताना पानापानावर दिसत होते. सांगताना तो राहूच सांगत राहिला.

याची किंमत कुणी मोजली? सर्वांत आधी बायकांनी. गरोदर बाईने ग्रहण पाळायचे, विळी-कात्री धरायची नाही, एका जागी बसून राहायचे, पाणीही प्यायचे नाही. दुसरी किंमत जातिव्यवस्थेत खाली ठेवलेल्यांनी मोजली. राहूला अंत्यज मानले गेले. ग्रहण सुटताना 'दे दान, सुटे गिऱ्हाण' अशी हाळी देत मातंग समाजातली माणसे दारोदार यायची, आणि घरातली नकोशी झालेली वस्त्रे, धान्य, नाणी त्यांच्या झोळीत दुरून टाकली जायची. दानाबरोबर अपवित्रता त्यांच्याकडे जाते, अशी समजूत होती. आकाशातल्या एका कल्पित शिराने जमिनीवर खऱ्या माणसांची पायरी ठरवली. राहूच्या चरित्रातला हा भाग पुस्तकांत सहसा येत नाही, म्हणून तो इथे मुद्दाम लिहीत आहे.

परातीत पाणी घेऊन मुसळ उभे करण्याची रीतही घराघरांत होती. ग्रहण असेपर्यंत मुसळ उभे राहते, सुटले की पडते, असे म्हणत. बूड सपाट असलेले मुसळ नीट तोलले तर कुठल्याही दिवशी, कुठल्याही वेळी उभे राहते. अंधश्रद्धा निर्मूलनाचे कार्यकर्ते शाळाशाळांतून हे करून दाखवत आले आहेत. हा प्रयोग घरी करायला दोन मिनिटे लागतात.

कुणी म्हणेल, कल्पित ग्रह मानणे हा आपलाच दोष. तसे मुळीच नाही. ज्या काळात नेरमध्ये राहूचे ग्रहण पाळले जात होते, त्याच काळात युरोपातले पहिल्या प्रतीचे खगोलशास्त्रज्ञ एका नसलेल्या ग्रहाच्या मागे होते.

फ्रान्सच्या ले व्हेरिए यांनी युरेनसच्या, म्हणजे आपल्या हर्षलच्या, चालीतल्या गडबडीवरून पलीकडे ग्रह असला पाहिजे असे गणित मांडले आणि २३ सप्टेंबर १८४६ च्या रात्री बर्लिनला गाले यांना नेपच्यून जवळजवळ सांगितलेल्या जागी सापडला. असे यश मिळाल्यावर त्यांनी बुधाकडे नजर वळवली. बुधाच्या कक्षेचे सूर्याजवळचे टोक हिशेबापेक्षा थोडे जास्त सरकत होते. १८५९ साली त्यांनी निष्कर्ष काढला की बुधाच्याही आत काहीतरी असावे. त्याच वर्षी लेस्कार्बो नावाच्या एका खेडेगावातल्या डॉक्टरने सूर्यबिंबावरून एक काळा ठिपका सरकताना पाहिल्याचे कळवले. १८६० मध्ये ग्रह जाहीर झाला. त्याला रोमनांच्या अग्निदेवाचे नाव मिळाले, व्हल्कन. सूर्याच्या एवढ्या जवळचा ग्रह दिसायचा तर खग्रास ग्रहणातच, म्हणून ग्रहणामागून ग्रहण शोध सुरू राहिला. २९ जुलै १८७८ ला अमेरिकेत वॉटसन आणि स्विफ्ट यांनी तो दिसल्याचे सांगितले, पण इतरांना दिसला नाही. विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात लिक वेधशाळेच्या पेराइन यांनी ग्रहणांच्या वेळी छायाचित्रे घेऊन सूर्याभोवतीचे आकाश चाळले आणि हाती काही लागले नाही. नोव्हेंबर १९१५ मध्ये आइन्स्टाइन यांनी गुरुत्वाकर्षणाच्या नव्या सिद्धांतातून बुधाची ती जादा चाल, शतकाला ४३ विकला, काटेकोर काढून दाखवली. ग्रहाची गरजच उरली नाही. व्हल्कनला कुणी शांत केले नाही, त्याच्या नावाने कुणी दान केले नाही. तो पाठ्यपुस्तकांतून गेला.

न दिसलेले ग्रह मांडणाऱ्यांच्या यादीत एक मराठी नावही आहे, आणि ते आपल्याला बहुतेकांना ठाऊक नसते. व्यंकटेश बापूजी केतकर, जन्म १८५४. 'ज्योतिर्गणितम्' आणि 'केतकी ग्रहगणितम्' लिहून त्यांनी पंचांगाला आधुनिक वेधांच्या पायावर आणले. आज 'केतकी' म्हणून ओळखली जाणारी गणितपद्धती त्यांचीच. पेशाने ते शिक्षक होते. मे १९११ मध्ये फ्रान्सच्या खगोल संस्थेच्या मासिकात त्यांचा एक लेख छापून आला. गुरूचे आतले तीन मोठे चंद्र १, २, ४ अशा प्रमाणात आपापल्या फेऱ्या जुळवून फिरतात, हे लाप्लासने दाखवले होते. तसेच काही प्रमाण युरेनस, नेपच्यून आणि पलीकडच्या ग्रहांत असावे, असे धरून केतकरांनी दोन नवे ग्रह सुचवले. नावे ठेवली ब्रह्मा आणि विष्णू. ब्रह्म्याचे सूर्यापासूनचे सरासरी अंतर त्यांनी पृथ्वीच्या अंतराच्या ३८.९५ पट दिले आणि फेरी २४२.२८ वर्षांची.

१८ फेब्रुवारी १९३० ला क्लाइड टॉम्बॉ यांना प्लूटो सापडला. अंतर ३९.५ पट, फेरी २४८ वर्षे. केतकर तेव्हा हयात होते, त्यांचे निधन त्याच वर्षी ऑगस्टमध्ये झाले.

'प्लूटोचा शोध आमच्या केतकरांनी आधीच लावला', हे वाक्य इथे जिभेवर येते. मला केतकरांविषयी नितांत आदर आहे, म्हणूनच ते वाक्य मी लिहिणार नाही. ज्या मेळावर त्यांनी गणित उभारले तो मेळ सूर्याभोवतीच्या ग्रहांना लागू पडत नाही. प्लूटो नेपच्यूनशी तीनास दोन अशा वेगळ्याच प्रमाणात बांधलेला आहे. आकाशात कुठे पाहायचे हे त्यांनी सांगितले नव्हते, अंतर आणि काळ एवढेच दिले होते. आणि विष्णू कधीच सापडला नाही. आकडे जवळ आले तो योगायोग. तरी केतकरांचे मोठेपण त्यामुळे तसूभर उणे होत नाही. भारतातल्या एका गावच्या शाळामास्तराने आपला अंदाज दशांश चिन्हापर्यंतच्या आकड्यांत लिहून परक्या देशातल्या तज्ज्ञांपुढे ठेवला, म्हणजे चुकलो तर दाखवा असे म्हणण्याची तयारी ठेवली. देवांची नावे दिली तरी ग्रहांना देवपण दिले नाही. ब्रह्मगुप्ताला जे जमले नाही ते केतकरांना जमले.

प्लूटोही पुढे ग्रह म्हणून टिकला नाही. तो ज्या मोठ्या ग्रहाच्या शोधात सापडला तो 'क्ष' ग्रह मुळात नव्हताच. व्हॉयेजर २ हे यान १९८९ साली नेपच्यूनजवळून गेले, नेपच्यूनचे वस्तुमान नीट कळले आणि हिशेबातली तूट मिटली. ऑगस्ट २००६ मध्ये आंतरराष्ट्रीय खगोल संघटनेने प्लूटोला बटुग्रहांत घातले. जानेवारी २०१६ मध्ये बाटिगिन आणि ब्राउन यांनी दूरच्या काही बर्फाळ गोलकांच्या कक्षा एका बाजूला झुकलेल्या पाहून नवव्या ग्रहाची कल्पना मांडली. तो अजून दिसलेला नाही. तो राहूसारखा ठरेल की नेपच्यूनसारखा, ते दुर्बिणी ठरवतील.

राहूचा प्रश्न इथेच अडतो, कारण आपल्याकडे आता राहू दोन आहेत. एक पातबिंदू. तो हजारो वर्षे दर ग्रहणाला परीक्षेला बसला आहे आणि उत्तीर्ण झाला आहे. दुसरा पत्रिकेतला राहू, जो लग्न अडवतो, नोकरी घालवतो, राहुकाळात दुकान उघडू देत नाही, आणि केतूच्या जोडीने 'कालसर्पयोग' नावाची भीती घालून त्र्यंबकेश्वरच्या पूजेचा खर्च करायला लावतो. पहिल्याच्या गणिताची प्रतिष्ठा दुसरा वापरतो. 'पंचांगातले ग्रहण मिनिटाला खरे ठरते, मग पत्रिका खोटी कशी?' असे विचारणारी शिकलेली माणसे मला गावोगाव भेटतात. त्यांना एकच उत्तर आहे. पत्रिकाही परीक्षेला बसवा.

ती बसवलीही गेली आहे, आणि महाराष्ट्रातच. डॉ. जयंत नारळीकर, सुधाकर कुंटे, डॉ. नरेंद्र दाभोलकर आणि प्रकाश घाटपांडे यांनी २००८ साली शंभर हुशार आणि शंभर मतिमंद मुलांच्या पत्रिका जमवल्या. प्रत्येक ज्योतिष्याला त्यांतल्या चाळीस पत्रिका दिल्या आणि कोणती कुणाची ते ओळखायला सांगितले. सत्तावीस ज्योतिष्यांनी उत्तरे पाठवली. बरोबर निघाली सरासरी ४६ टक्के. नाणे उडवून निम्मी तरी बरोबर आली असती. त्या पत्रिकांत नवग्रह होते, राहू-केतूही होते.

आपण राहूची कथा सोडावी असे मला वाटत नाही. नेवाशाच्या मोहिनीराजाला जावे, शिर आणि काया कुठे पडली ते मुलांना सांगावे, कारण ती थोर गोष्ट आहे. त्याच मुलांना पाताचे गणितही सांगावे, कारण तेही थोर आहे. भीती मात्र कुणालाही देऊ नये.

नेरला पुन्हा खग्रास सूर्यग्रहण पाहण्याची संधी आपल्या हयातीत नाही. चंद्रग्रहणाची आहे. ३१ डिसेंबर २०२८ ला, वर्षाच्या शेवटच्या रात्री, भारतातून खग्रास चंद्रग्रहण दिसेल. हिवाळ्यातले आकाश बहुधा निरभ्र असेल. चंद्र पूर्ण सावलीत जाईल तो रात्री पावणेदहाच्या सुमारास, आणि अकराच्या सुमारास बाहेर येऊ लागेल. चष्मा लागत नाही, दुर्बीण लागत नाही, उघड्या डोळ्यांना कसलाही धोका नाही. त्या रात्री घरातल्या सगळ्यांना गच्चीवर घेऊन या, घरात गरोदर सून किंवा लेक असेल तर तिलाही आणि तिच्या हातात फराळाची ताटली असू द्या. चंद्र निम्मा झाकला गेला की सावलीची कड नीट पाहा. ती गोल वाकलेली दिसेल, कोरीची टोके बोथट दिसतील. भास्कराचार्यांनी सांगितले होते तशीच.